तारीख मोकळी सोडलेला आदेश

या अंकात दरवर्षी तीस-पस्तीस वर्षं नोकरी केलेली माणसं लिहितात. माझी नोकरी जेमतेम पावणेतीन वर्षांची, तीही कंत्राटी. त्यामुळं लिहावं की नको, यातच पंधरा दिवस गेले. संपादकांना मी तसं फोनवर सांगितलंही. ते म्हणाले, "झालं तेवढं लिहा, वाढवून लिहू नका." तेवढं जमेल असं वाटलं, म्हणून धाडस करतोय. कायद्यातलं आणि कचेरीतलं जास्त कळणाऱ्यांनी मला लहान समजून सांभाळून घ्यावं.

मी मुरगूडजवळच्या एका खेड्यातला. आमच्या घरात बारावीच्या पुढं गेलेला मी पहिलाच. वडील दुसऱ्याच्या ट्रॅक्टरवर ड्रायव्हर आहेत. कोल्हापुरात लॉ कॉलेजच्या पाच वर्षांच्या कोर्सला प्रवेश मिळाला आणि दुसऱ्या वर्षाच्या अखेरीस मी शहराजवळच्या एका नगरपालिकेत कॉम्प्युटर ऑपरेटर म्हणून लागलो. सकाळी कॉलेज, तिथनं एसटी धरून कचेरी. नगरपालिकेचं नाव लिहीत नाही, आणि माणसांची नावं बदलली आहेत.

पहिल्या सुट्टीला घरी गेल्यावर वडिलांनी विचारलं, "काम काय करतोस?"

"बांधकाम विभागात आहे. अनधिकृत बांधकामाच्या नोटिसा टाईप करतो."

"म्हंजे लोकांची घरं पाडतोस."

"मी नाही पाडत. मी फक्त टाईप करतो."

आई म्हणाली, "जेव आधी."

कामाचं स्वरूप थोडक्यात सांगतो. कुणी परवानगी न घेता बांधलं किंवा मंजूर नकाशापेक्षा जास्त बांधलं, की बहुतेक वेळा शेजाऱ्याची तक्रार येते. इंजिनिअर जाऊन मोजमाप घेतात, पंचनामा होतो. मग नोटीस निघते, की हे बांधकाम का पाडू नये याचा खुलासा करा. त्यानंतर मुख्याधिकाऱ्यांपुढं सुनावणी. तक्रारदार अर्जदार, बांधणारा गैरअर्जदार. दोघांचं ऐकून आदेश. सुनावणीला जे घडतं ते रोजनाम्यात, म्हणजे फाईलच्या सुरुवातीला लावलेल्या कागदावर, तारीखवार लिहायचं. हे सगळं टाईप करणारा मी.

नोटीस द्यायला शिपायाबरोबर मीही अधूनमधून जायचो. एकदा एका बंगल्यासमोर बनियनवर एक गृहस्थ झाडांना पाणी घालत होते. आम्ही मालकांची चौकशी केली.

"मालक गावाला गेल्यात."

"कधी येतील?"

"काय सांगता येत न्हाय. लई मोठा माणूस हाय त्यो."

आम्ही नोटीस दारावर डकवली, पंचांच्या सह्या घेतल्या आणि परत आलो. सुनावणीच्या दिवशी तेच गृहस्थ इस्त्रीचे कपडे घालून मालक म्हणून हजर. मला बघून म्हणाले, "काय पावणं, बरं हाय न्हवं?"

आणखी एकानं तपासणीच्या आदल्या दिवशी तिसऱ्या मजल्याचा लोखंडी जिनाच काढून ठेवला होता. सुनावणीत त्यांचा मुद्दा एकच. "वर जायला वाट कुठं हाय सायेब? वाट न्हाय म्हंजे मजला न्हाय." त्या दिवशी भाऊसाहेबसुद्धा हसले होते.

भाऊसाहेब म्हणजे आमचे हेडक्लार्क. मला काम त्यांनी शिकवलं. नस्ती, म्हणजे फाईल, कशी लावायची, कुठल्या कलमाखाली काय लिहायचं, सगळं. मी खेड्यातनं आलेला, मला स्टेपलर कुठल्या कोपऱ्यात मारायचा हेही माहीत नव्हतं. त्यांनी कधी हसं केलं नाही. त्यांनीच एक गोष्ट शिकवली, की आदेश सुनावणीच्या आधी टाईप करून ठेवायचा आणि तारीख मोकळी सोडायची.

"सुनावणी चारला. सहाला कचेरी बंद. मागनं टाईप करत बसलास तर महिनाभर पडून ऱ्हातंय. तयार ठेव. मॅडमना काय बदल करायचा असला तर करतील."

मॅडम म्हणजे आमच्या मुख्याधिकारी. त्या बदल फारसा करत नसत. कामाचा रेटा होता, आणि बांधकाम बहुतेक वेळा खरंच अनधिकृत असायचं. माझ्याकडं एक साचा होता. नाव, गट नंबर आणि मोजमाप बदललं की आदेश तयार. त्यात एक वाक्य कायम होतं: "गैरअर्जदार यांना म्हणणे मांडण्याची पुरेशी संधी देण्यात आली. त्यांचा खुलासा समाधानकारक नाही." सकाळी कॉलेजात नैसर्गिक न्यायाची तत्त्वं शिकायची, दुसऱ्याचं ऐकल्याशिवाय निर्णय नाही हे वहीत लाल शाईनं लिहायचं, आणि दुपारी हे वाक्य टाईप करायचं. या दोन्हींचा एकमेकांशी संबंध आहे, हे खरं सांगतो, माझ्या डोक्यात आलं नाही. उलट माझा वेग बघून भाऊसाहेब कौतुक करायचे आणि मी खूश व्हायचो.

दत्तूतात्यांची फाईल अशीच तयार होती.

तात्यांचा जुन्या गावठाणात चार म्हशींचा गोठा. घर पुढं, गोठा मागं. सकाळ-संध्याकाळ ते म्हशी चौकात दूधकट्ट्यावर न्यायचे. गिऱ्हाईकासमोर धार काढून देणारे ते आमच्या भागातले शेवटचे दोघे-तिघे. मागच्या बाजूला मगदूम सरांचं घर. सर निवृत्त शिक्षक. त्यांची तक्रार होती, की तात्यांनी नवा गोठा बांधून भिंत त्यांच्या खिडकीजवळ आणली, शेणाचं पाणी गटारात तुंबतं, आणि त्यांच्या पत्नीला दम्यामुळं घरात बसवत नाही. इंजिनिअरांच्या पंचनाम्यात पूर्ण गोठाच विनापरवाना नवीन बांधकाम म्हणून मोजलेला होता. पूर्ण गोठा पाडला तर म्हशी बांधायला दुसरी जागा नाही. म्हणजे म्हशी विकायच्या, आणि तात्यांचं सगळं आयुष्य त्यांच्यावरच उभं.

सुनावणी चार वाजता. तात्या साडेतीनलाच आले. धुतलेला सदरा, डोक्याला टोपी, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत कागद. बरोबर मुलगी सुनंदा. ती अंगणवाडीत शिकवते. आधीची सुनावणी लांबल्यामुळं ते बाकावर बसून राहिले. सव्वाचार वाजले तसे तात्या चुळबुळ करायला लागले.

"पोरा, आत जरा सांग की. साडेचारला धार काडाय लागतीया."

"मॅडमच्या सुनावणीपेक्षा धार मोठी काय?" भाऊसाहेब आतून म्हणाले.

"मोठी न्हाय. पर म्हशीला काय कळतंय सायेब कोन ते?"

शेवटी आत बोलावलं. मॅडम टेबलाच्या पलीकडं, डावीकडं मगदूम सर, समोर तात्या आणि सुनंदा. मी कोपऱ्यात कॉम्प्युटरवर. मॅडमनी फाईल उघडली, नोटीस बघितली, पंचनामा बघितला, पान उलटलं. त्यांनी तात्यांना विचारलं, "बोला, तुमचं काय म्हणणं आहे?"

तात्यांनी पिशवी सोडायला घेतली. गाठ सुटेना. तेवढ्यात सुनंदा म्हणाली, "थांबा तात्या."

ती टेबलावर वाकून फाईलकडं बघत होती.

"मॅडम, आमी अजून तोंड उघडलं न्हाय. आणि हितं लिवलंय की, आमचं ऐकलं म्हणून. समाधानकारक न्हाय म्हणून."

मॅडमनी खाली बघितलं. सरांनीही मान पुढं केली. आदेशाचं पान वर आलं होतं.

"तुम्हाला उलटं वाचता येतं?" मॅडमनी विचारलं. त्या आवाजात राग नव्हता, पण तो आवाज मी आधी ऐकला नव्हता.

"अंगणवाडीत पोरं समोर बसत्यात. त्यांची पाटी रोज उलटीच वाचते मी."

भाऊसाहेब पुढं आले. "मॅडम, मसुदा हाय तो. फक्त नमुना. सगळीकडं असंच असतंय."

"नमुना हाय तर त्यात तात्यांचं नाव कसं?" सुनंदा म्हणाली. "आणि गोठा तीस दिवसांत पाडा, हेबी नमुन्यातच हाय काय?"

तात्या एकदा मुलीकडं, एकदा मॅडमकडं बघत होते. त्यांना नेमकं काय झालंय ते कळलं नव्हतं. ते तिला हळूच म्हणाले, "काय गं? पाडायचं ठरलं व्हय?"

ते ऐकून मी उभा राहिलो. "मॅडम, मी टाईप केलंय."

मॅडम माझ्याकडं बघून म्हणाल्या, "बस. रोजनामा घे. लिही."

मी बसलो. त्यांनी सांगितलेलं जसंच्या तसं टाईप केलं. ते मला आजही पाठ आहे: "सुनावणी सुरू होण्यापूर्वीच या प्रकरणातील आदेशाचा मसुदा नस्तीत ठेवलेला आढळला. गैरअर्जदार व अर्जदार दोघांनीही तो पाहिला. मसुद्यात गैरअर्जदार यांचे म्हणणे ऐकल्याचे नमूद आहे, परंतु ते अद्याप ऐकलेले नाही."

भाऊसाहेब कळवळून म्हणाले, "मॅडम, हे कागदावर आलं तर आपल्याच गळ्यात येतंय. पान काढून टाकू, सुनावणी पुढं चालवू. कुणाची हरकत न्हाय. सर, तुमची हाय का?"

मगदूम सर म्हणाले, "माझी कशाला असेल?"

"झालंय ते लिहायचं," मॅडम म्हणाल्या. आणि पुढचं सांगितलं: "या परिस्थितीत माझ्यासमोर होणारी सुनावणी गैरअर्जदारांना निष्पक्ष वाटणे शक्य नाही. सबब हे प्रकरण अन्य अधिकाऱ्याकडे सोपविण्याची विनंती वरिष्ठ कार्यालयास करण्यात येत आहे."

सुनंदा चिडली. "म्हंजे आजचा दिवस मोडला. दुसरा सायेब येनार, आणि त्योबी पाडाच म्हनला तर?"

"म्हणू शकतील," मॅडम म्हणाल्या. "पण तुमचं ऐकून म्हणतील."

मग त्यांनी घड्याळाकडं बघितलं. पाच वाजायला आले होते. "तात्या, तुमची धार किती वाजता असते?"

"पाटं पाचला आणि सांजचं साडेचारला. आज चुकलीच की."

"हेही लिही," मॅडम मला म्हणाल्या. आणि रोजनाम्यात शेवटची ओळ आली: "पुढील तारीख नेमताना गैरअर्जदार यांची म्हशींची धार काढण्याची वेळ विचारात घ्यावी." खाली त्यांनी सही केली, दोघांच्या सह्या घेतल्या आणि दोघांना लगेच नक्कल द्यायला सांगितली. भाऊसाहेबांनी तीस वर्षांच्या नोकरीत रोजनाम्यात म्हैस पहिल्यांदाच बघितली असं ते मागून म्हणाले.

दुसऱ्या दिवशी मी राजीनाम्याचा अर्ज लिहून मॅडमकडं गेलो. कंत्राटी माणसाला राजीनामा द्यायचा असतो की नुसतं जायचं असतं, हेही मला माहीत नव्हतं. त्यांनी अर्ज वाचला.

"टाईप तू केलंस. सही मी करत होते," त्या म्हणाल्या. "तू गेलास तर ते मिटतं का? असे किती आहेत, ते काढ."

मी आणि भाऊसाहेबांनी दोन दिवस कपाटं उपसली. सुनावणी व्हायची होती, त्या सगळ्या फायलींतनं तयार आदेश काढले. ज्यांचे आदेश झाले होते पण पाडापाडी झाली नव्हती, त्यांना मॅडमनी पत्रं पाठवली, की तुम्हाला पुन्हा म्हणणं मांडायचं असेल तर मांडा. नगरसेवक चिडले, तक्रारदार चिडले, वरनं विचारणा झाली. मॅडमनी सगळ्यांना एकच उत्तर दिलं, की चूक आमच्या कचेरीची आहे.

आणि काही बांधकामं पाडून झाली होती. त्यांचं काहीच करता येत नव्हतं. त्यात एका शिवणकाम करणाऱ्या बाईंची पत्र्याची खोली होती. गटारावर वाढवलेली, म्हणजे अनधिकृतच असणार. पण त्यांना सुनावणीत काय सांगायचं होतं, ते मला माहीत नाही, आणि आता कळणारही नाही. माझ्या आदेशात त्यांचं म्हणणं ऐकल्याचं लिहिलेलं आहे. मॅडमबद्दल मला जो आदर आहे तो सांगताना ही खोलीही सांगायला हवी, असं वाटतं.

मगदूम सरही एक दिवस तावातावानं आले. "चूक तुमची आणि शिक्षा मला? आणखी किती महिने खिडक्या लावून बसायचं? आमच्या म्हातारीचा श्वास तुमच्या रोजनाम्यात लिहिला का?"

ते खोटं बोलत नव्हते. मॅडमनी त्यांना बसवून घेतलं, आणि त्यांचं तेवढंच म्हणणं नव्या अधिकाऱ्यांसाठी वेगळं लिहून घ्यायला मला सांगितलं. सर जाताना म्हणाले, "लिहून घेतलंत, बरं झालं. पण वास काही लिहून जात नाही."

चार महिन्यांनी मॅडमची नेहमीच्या बदल्यांत दुसऱ्या जिल्ह्यात बदली झाली. तात्यांच्या प्रकरणासाठी शेजारच्या तालुक्यातल्या एका अधिकाऱ्यांची नेमणूक झाली. हे नवे साहेब कमी बोलणारे. त्यांनी रोजनामा वाचला, सुनावणी दुपारी बारा वाजता ठेवली, आणि दोन्ही बाजूंचं ऐकल्यावर म्हणाले, "कागदावरून कळत नाही. जागेवर जाऊ."

आम्ही सगळे गेलो. चार म्हशी रवंथ करत बसल्या होत्या. साहेब गोठ्यात शिरले, बुटाला शेण लागलं तरी थांबले नाहीत. भिंतीला धरून दगडी गव्हाण होती, जुनी, तिच्या कडा म्हशींनी घासून गुळगुळीत झालेल्या. साहेबांनी विचारलं, "हे कधीचं?"

"माज्या बाच्या आदीचं," तात्या म्हणाले. मग स्वतःच चार पावलं पुढं गेले आणि विटांच्या भिंतीवर हात ठेवला. "हितवर जुनं हाय. हितनं पुडं मी वाडवलंय. तीन वरसं झाली. ह्ये वरचं पत्रंबी माजंच."

सुनंदानं त्यांच्या दंडाला चिमटा काढला. "तात्या!"

"काय तात्या? हाय ते हाय की."

साहेब म्हणाले, "हे तुम्ही आधी का नाही सांगितलं?"

"इचारलंच कुटं कुनी?" तात्या म्हणाले. "सायेब आलं, टेप लावली, गेलं."

मागच्या खिडकीतनं मगदूम सर बघत होते. त्यांनी खिडकी पूर्ण उघडली होती. इंजिनिअरांनी पुन्हा टेप लावली. यावेळी दोन मोजमापं लिहिली गेली, जुनं वेगळं आणि वाढवलेलं वेगळं. सगळा गोठा नवा म्हणणारा पंचनामाही चुकीचा होता आणि गोठ्याला हात लावू नका म्हणणारा, सुनंदानं नव्या सुनावणीत दिलेला लेखी खुलासाही अर्धा चुकीचा होता. बरोबर काय ते एकट्या तात्यांना ठाऊक होतं, आणि ते विचारल्याशिवाय सांगायचं असतं हे त्यांच्या गावीही नव्हतं.

साहेबांनी प्रकरण आदेशासाठी राखून ठेवलं. त्याच महिन्यात माझं कंत्राट संपलं, नवं झालं नाही. कारण कुणी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. शेवटच्या वर्षाची परीक्षा होती. भाऊसाहेबांनी जाताना एक पेन दिलं. आदेश काय झाला ते मला कळलंच नाही. दोनदा फोन करावासा वाटला, पण कुठल्या तोंडानं करायचा?

मागच्या महिन्यात गावी होतो. वैरणीचा भारा उतरत असताना फोन आला. नंबर अनोळखी.

"वकीलसायेब हायत काय?"

"अजून वकील नाही झालो. कोण बोलतंय?"

"दत्तूतात्या. सुनंदानं तुजा नंबर काडून दिला. आदेश आला बग आमचा. जुना गोठा ऱ्हायला. फुडचं काडा म्हनलं."

"मग? अपील करणार?"

"कशाला? माजंच मी सांगितलेलं की. आमीच काडली भिंत, दोन दिवसात. सर गॅलरीतनं बगत हुतं. म्हटलं, बगतासा काय, या की खाली, विटा उचला."

"आले?"

"आलं की. च्या पिऊन गेलं. वीट एक उचलली न्हाय."

मी हसलो. तेही हसले. मग मी विचारलं, "आणि म्हशी?"

"दोन मावत्यात. दोन गारगोटीला धाडल्या, भनीकडं. त्यात आमची चंद्री म्हसबी गेली. भनीचा फोन आला हुता, पैलं दोन दिस तिनं पान्हाच सोडला न्हाय. म्या म्हटलं, घाई करू नगंस, कास कोंबट पान्यानं धू आनि नुसती तिच्यापशी बस. तिसऱ्या दिशी सोडला."